प्लेगवरचं जुनं लेखन कसं वाचावं: खानदेशातल्या वाचकासाठी

सतराव्या शतकातला एखादा उतारा हाती लागला आणि त्यात 'मोठी मरी पडली, माणसं पटापट गेली' असं दिसलं, की प्लेग म्हणून शेरा मारून मोकळं व्हावंसं वाटतं. हा मोह आधी आवरा. त्या काळी पटकीनेही माणसं पटापट जात, देवीनेही जात आणि दुष्काळात तर कशानेही जात. शिवाय खानदेशची एक खास अडचण आहे. सुरतेहून बऱ्हाणपूरला जाणारा रस्ता नंदुरबार, थाळनेर करत आपल्या तापीकाठानेच जायचा, पण साथीबद्दल सविस्तर लिहिणारे बहुतेक जण या रस्त्याच्या एका टोकाला बसले होते किंवा त्याहून लांब. मधला मुलूख बऱ्याचदा कोराच राहतो आणि ती कोरी जागा मनाने भरून टाकण्याची घाई स्थानिक इतिहास लिहिणाऱ्यांना फार असते.

सामान

लांब खतावणी वही घ्या आणि उघड्या दोन पानांवर मिळून सात रकाने आखा: लेखकाचा मूळ शब्द, मूळ तारीख जशीच्या तशी, इसवी तारीख, जागा, लक्षणं, आकडा, आणि शेवटी 'लेखकाला हे कळलं कसं'. हा सातवा रकाना लोक वगळतात, आणि नंतर सगळं तिथेच अडतं. सोबत पेन्सिल आणि जंत्री, म्हणजे जुन्या तारखा इसवीत बसवून देणारं कोष्टक, हवं. १७२८ नंतरच्या तारखांना मोडक जंत्री चालते, त्याआधीच्या शिवकाळाला खरे जंत्री.

घरातला किंवा संस्थेतला मोडी कागद बघणार असाल तर पेन जवळसुद्धा ठेवू नका. मोडीची शाई काजळाची असते, ओल लागली की पसरते. म्हणून पान उलटताना बोटाला थुंकी लावायची नाही. वैशाख-ज्येष्ठात खानदेशात हवा इतकी कोरडी असते की जुनी घडी उघडताना कागद दुमडीवरच तुटतो. सकाळी लवकर उघडा, घडी सपाट दाबू नका, आहे तशी ठेवून आडव्या उजेडात फोटो घ्या. फाटलेल्या जागी चिकटपट्टी कधीच लावायची नाही. तिचा डिंक काही वर्षांत पिवळा पडतो आणि अक्षरंच उचलून नेतो.

आधी शब्द, मग रोग

फारसी लेखनात दोन शब्द येतात, ताऊन आणि वबा. ताऊन म्हणजे साधारण गाठीची साथ, वबा म्हणजे कोणतीही साथ. पण लेखक दोन्ही जोडीनेही लिहितात, त्यामुळे नुसत्या शब्दावर निकाल देता येत नाही. मराठी कागदांत 'मरी' हा वबासारखाच मोघम शब्द आहे. 'जरीमरी', 'पटकी', 'मोडशी' आलं तर बहुतेक वेळा हगवण-उलटीची साथ समजा, 'देवी' आल्या तर तो वेगळाच रोग. मरीआईचं देऊळ गावात आहे म्हणून गावात प्लेग येऊन गेला, असा तर्क तर अजिबात चालवू नका. पटकीच्या साथीतही लोक तिच्याकडेच जात.

संस्कृत वैद्यकातली अग्निरोहिणी वेगळी हाताळायला लागते. सुश्रुतात काखेच्या भागात येणारे, मांस फाडणारे फोड, आत दाह आणि ताप, आणि सात, दहा किंवा पंधरा दिवसांत मृत्यू असं तिचं वर्णन आहे. १८९६ नंतर अनेक वैद्यांनी मुंबईच्या प्लेगला हेच नाव दिलं, कोणी ग्रंथिक सन्निपात म्हटलं. याचा अर्थ इतकाच की १८९६ नंतरच्या वैद्यांना हे जुनं नाव जवळचं वाटलं. सुश्रुताच्या काळी प्लेग होता याचा तो पुरावा धरता येत नाही. वहीत शब्दाचं वय आणि रोगाचं वय वेगवेगळं लिहा.

इंग्रजी लेखनात फसवे शब्द जास्त आहेत. 'व्हिजिटेड' घर म्हणजे पाहुणे आलेलं घर नव्हे, साथ शिरलेलं घर. 'टोकन' म्हणजे अंगावरचे डाग. 'स्पॉटेड फीव्हर' बहुधा टायफस. आणि सगळ्यात गमतीचा 'ट्रीकल': आजच्या कोशात काकवी सापडते, पण तेव्हा हा विषावरचा उतारा होता, फारसीत तिर्याक. जहांगीरच्या आठवणींच्या इंग्रजी भाषांतरात आजारी मांजराला ट्रीकल दिल्याचं येतं. मराठीत करताना त्याला काकवी पाजू नका.

तारीख लावणं

इथे सगळ्यात जास्त चुका होतात. मूळ तारीख खोडून इसवी कधीच लिहायची नाही, दोन्ही रकाने भरायचे.

हिजरी सनासाठी झटपट रीत: हिजरी आकड्याला ०.९७ ने गुणा आणि ६२२ मिळवा. १०२८ चे ९९७ होतात, अधिक ६२२ म्हणजे १६१९. हे वर्षापुरतं ठीक, महिन्यासाठी जंत्रीच हवी.

मराठी कागदांतला शुहूर सन (अरबी शब्दांत लिहिला जाणारा दप्तरी सन) मृगाला बदलतो. जून ते डिसेंबरसाठी ५९९ मिळवा, जानेवारी ते मेसाठी ६००. तो अंकांत क्वचितच असतो, अरबी शब्दांत असतो, आणि लहान आकड्याकडून मोठ्याकडे वाचायचा: 'इहिदे अशर मया व अलफ' म्हणजे १ + १० + १०० + १०००, एकूण ११११, म्हणजे १७१०-११. मया (१००) आणि मयातैन (२००) यांत गफलत झाली की शंभर वर्षं इकडची तिकडे होतात आणि औरंगजेबाच्या शेवटच्या वर्षांतली साथ दुसऱ्या बाजीरावाच्या काळात जाऊन पडते. तारखेआधीचं 'छ' हे चंद्राचं, पुढे मुसलमानी महिना येतो. दख्खनी फसलीसाठी (फसली म्हणजे महसुली सन) ५९० किंवा ५९१ मिळवतात. उत्तरेकडचा फसली याहून दोनेक वर्षांनी वेगळा, म्हणून कागद कुठल्या दप्तराचा हे पाहिल्याशिवाय बेरीज करू नका.

बादशाही जुलूस वर्षं, म्हणजे राज्यारोहणापासून मोजलेली वर्षं, सगळ्यांची सारखी नाहीत. जहांगीरचं वर्ष सौर, मार्चमधल्या नौरोजला सुरू होणारं. जुलूस वर्षात १६०५ मिळवले की ते वर्ष कोणत्या मार्चला सुरू झालं ते मिळतं, म्हणजे १३वं वर्ष मार्च १६१८ ते मार्च १६१९. औरंगजेबाचं वर्ष चांद्र, १ रमजान १०६८ पासून मोजलेलं. त्याचं २७वं वर्ष ऑगस्ट १६८३ मध्ये लागतं. सौर धरून मोजलंत तर १६८४ चा उन्हाळा येईल. साथीच्या बाबतीत अख्खा हिवाळा चुकणं ही लहान चूक नाही.

सुरतेच्या इंग्रज वखारीची पत्रं जुन्या पंचांगाने आहेत. सतराव्या शतकात त्यांत १० दिवस मिळवायचे, १७०० चा फेब्रुवारी संपल्यावर ११, आणि हे १७५२ पर्यंत. शिवाय त्यांचं सरकारी वर्ष २५ मार्चला बदलायचं, म्हणून जानेवारी-फेब्रुवारीच्या पत्रावर मागचंच साल दिसतं. पोर्तुगीजांनी नवं पंचांग आधीच घेतलं होतं. त्यामुळे एकाच घटनेच्या इंग्रज आणि पोर्तुगीज तारखांत १० दिवसांचा फरक आला तर तो कागदाचा दोष धरू नका.

एक उतारा रकान्यात भरून

जहांगीरच्या आठवणींतला १३व्या वर्षाचा उंदराचा उतारा घ्या. रॉजर्स आणि बेव्हरिज यांच्या भाषांतरात तो १९१४ च्या दुसऱ्या खंडात आहे. १६१९ च्या सुरुवातीला बादशहाचा मुक्काम फत्तेपूरला (सिक्री) आहे आणि आग्र्यात साथ चालू आहे. मरहूम आसफखानाची मुलगी त्याला घरातली हकिकत सांगते. अंगणात एक उंदीर दारू प्यायल्यासारखा झोकांड्या खात आला. तिने दासीला तो शेपटीला धरून मांजरापुढे टाकायला सांगितलं. मांजराने झडप घातली, पण लगेच किळस आल्यासारखं सोडून दिलं. मग मांजर आजारी पडलं, टाळू आणि जीभ काळी झाली, तीन दिवस हाल काढून चौथ्या दिवशी शुद्धीवर आलं. त्यानंतर एका दासीला गाठ आली, अंग पिवळट-काळं पडलं, ताप चढला, दुसऱ्या दिवशी उलटी-जुलाब होऊन ती गेली. घरातली सात-आठ माणसं गेल्यावर उरलेली बागेत राहायला गेली. आधीच आजारी असलेली तिथे मेली, पण नव्या गाठी तिथे उठल्या नाहीत. आठ-नऊ दिवसांत सतरा माणसं गेली.

आता रकाने. शब्द: ताऊन. जागा: आग्र्याकडचं एक घर आणि बाग. 'फत्तेपूर' लिहू नका, तो बादशहाचा मुक्काम. फत्तेपुरात साथीचा मागमूस नाही, ती अडीच कोसांवरच्या अमानाबादपर्यंत आली आहे, असं तो स्वतःच नोंदवतो. लक्षणं: गाठ, रंग पालटणं, जोराचा ताप, दोनेक दिवसांत मृत्यू. आकडा: १७, एका घरापुरता. सात-आठ आणि सतरा यांची बेरीज करून चोवीस-पंचवीस करणारे भेटतात. ती आधीची माणसं सतरातच धरलेली आहेत. सातवा रकाना: ऐकीव, पण सांगणारी त्याच घरातली. ऐकिवातली ही वरची प्रत.

याच उताऱ्यात दोन खड्डे आहेत. फारसी 'मूश' म्हणजे उंदीरही आणि घूसही. इंग्रजी भाषांतरात लहान उंदराचा शब्द आला म्हणून 'घरातली चिमुकली उंदरं' असं चित्र रंगवू नका. दुसरं, हा आसफखान म्हणजे नूरजहानचा भाऊ नव्हे. तो तर १६४१ पर्यंत जिवंत होता. हा त्याआधीचा जाफर बेग, जो १६१२ मध्ये आपल्या बऱ्हाणपुरातच वारला. नावामागचं 'मरहूम' नजरेतून सुटलं की चुकीच्या घराण्यात साथ जाते.

मुतमदखानाच्या इक्बालनाम्यातही उंदीर येतो: साथ फुटायच्या आधी उंदीर वेड्यासारखा बिळातून बाहेर धावतो, दारा-भिंतींवर आपटून मरतो, आणि हे दिसताच घर सोडून रानात गेलेली माणसं वाचतात. दोन नोंदी जुळल्या म्हणून दोन स्वतंत्र साक्षी मिळाल्या असं समजू नका. मुतमदखान जहांगीरच्याच दरबारातला आणि त्या आठवणींच्या लेखनातही त्याचा हात आहे. सातव्या रकान्यात ही दोन्ही नावं एकमेकांशी रेघ ओढून जोडा.

जहांगीर असंही नोंदवतो की जुन्या माणसांकडून आणि जुन्या तवारिखांतून पाहता हा रोग या मुलखात पूर्वी कधी आला नव्हता. हे वाक्य फक्त 'त्यांना आठवत नव्हता' इतक्याच अर्थाने घ्या.

ऋतूची चाळणी

जहांगीरने एक फार उपयोगी गोष्ट टिपली: आग्र्यात साथ हिवाळ्यात भडकते आणि उन्हाळा लागताच नाहीशी होते. कारण आता माहीत आहे. प्लेगचा जंतू १८९४ मध्ये येर्सिनने हाँगकाँगला शोधला आणि १८९८ मध्ये कराचीत सिमाँने तो उंदराच्या पिसवेतून पसरतो हे दाखवलं. ही पिसू कडक, कोरड्या उन्हात तग धरत नाही.

खानदेशात ही चाळणी चांगली चालते. भुसावळ-जळगावकडे पारा ४४-४५ अंशांवर जातो. म्हणून तापीकाठचा एखादा कागद ऐन वैशाखात माणसं मरत असल्याचं सांगत असेल आणि गाठीचा उल्लेख नसेल, तर आधी पटकीचा किंवा दुष्काळाचा विचार करा. कार्तिक ते फाल्गुनातल्या मरणांना प्लेगची बाजू जरा जड धरा. चाळणीने शंका घ्यायची, निकाल द्यायचा नाही. भिंतींच्या गारव्यात, धान्याच्या पेवाजवळ उन्हाळ्यातही उंदराला आणि पिसवेला जागा असतेच.

दुष्काळ वेगळा काढायचा सराव पीटर मंडीवर करा. हा इंग्रज १६३० मध्ये सुरतेहून नंदुरबारमार्गे बऱ्हाणपूरला गेला आणि वाटेतल्या प्रेतांचं त्याने केलेलं वर्णन अंगावर येतं. पण ते १६३०-३२ च्या दुष्काळाचं आहे. तसंच इंग्रज वकील टॉमस रो १६१५ च्या नोव्हेंबरात बऱ्हाणपुरात तापाने आडवा पडला होता. नुसता ताप म्हणजे प्लेग नव्हे. मुमताज महल १६३१ मध्ये बऱ्हाणपुरात गेली ती बाळंतपणात. ही तिन्ही नावं 'खानदेशातला प्लेग' अशा यादीत दिसली तर ती यादी बाजूला ठेवा.

आकडे

आकडा कोणी मोजला, कशासाठी मोजला आणि कोण मोजायचं राहिलं, हे तीन प्रश्न प्रत्येक आकड्याला विचारा. सराव लंडनच्या १६६५ च्या साप्ताहिक मृत्युपत्रकांवर करावा, कारण तितके बारीक आकडे त्या काळच्या इतर साथींचे सहसा मिळत नाहीत. वर्षभरातली एकूण मरणं ९७,३०६, त्यांतली प्लेगची ६८,५९६, म्हणजे शेकडा ७०. एकट्या १२ ते १९ सप्टेंबरच्या आठवड्यात प्लेगने ७,१६५. या तारखा जुन्या पंचांगाच्या, हे विसरू नका.

मरणाचं कारण ठरवायच्या त्या-त्या पॅरिशमधल्या (चर्चच्या हद्दीतल्या) गरीब म्हाताऱ्या बाया. प्लेग लिहिला की घर माणसांसकट बंद व्हायचं आणि दारावर तांबडा क्रूस यायचा, म्हणून घरचे लोक पैसे देऊन दुसरं काही लिहवून घेत. परिणामी त्याच आठवड्यांत ताप, दात, पोटशूळ यांची मरणंही अचानक फुगलेली दिसतात. फुगवटा दिसला की तो अंशतः लपवलेला प्लेग धरतात. सॅम्युएल पीप्सने ३१ ऑगस्टला रोजनिशीत लिहिलं की आठवड्याचे ७,४९६ मेले, त्यांत प्लेगचे ६,१०२, पण खरा आकडा दहा हजारांच्या जवळ असावा, कारण गरिबांची मोजदाद होत नाही आणि क्वेकर पंथाचे लोक आपल्या मयताची घंटा वाजवू देत नाहीत. आकड्यासोबत त्याच्यातली गळती सांगणारा लेखक मिळाला की त्याला जपा.

डॅनियल डीफोचं याच साथीवरचं पुस्तक 'मी पाहिलं' अशा सुरात आहे. पण ते छापलं १७२२ मध्ये, आणि साथीच्या वेळी डीफो पाचेक वर्षांचा होता. त्याने पत्रकं आणि हुकूमनामे पुष्कळ वापरले आहेत, म्हणून ते टाकाऊ नाही. फक्त सातव्या रकान्यात 'प्रत्यक्षदर्शी' लिहू नका.

खानदेशची कोरी जागा

आता औरंगजेबाच्या काळातली दख्खनची साथ. मुघल इतिहासकार खाफीखान लिहितो की ताऊन आणि वबा काही वर्षं दख्खनेत, थेट सुरत बंदर आणि अहमदाबादेपर्यंत होती आणि मग ती विजापुरात आणि बादशाही छावणीत जोराने फुटली. सुरुवात २७व्या जुलूस वर्षी, मुदत सात-आठ वर्षं. काखेत, कानामागे आणि जांघेत द्राक्षापासून केळ्याएवढ्या गाठी, डोळ्यांच्या बाहुल्यांभोवती लाली. (जळगावच्या वाचकाला केळं म्हटलं की बसराईचा घड दिसतो. मापात अडकू नका, 'गाठ, तीन जागी' एवढं लिहा.) याच साथीत औरंगजेबाचा सरदार गाजीउद्दीन फिरोजजंग याची दृष्टी गेली आणि तो पुढे बरीच वर्षं आंधळा जगला. तेव्हा वाचलेल्यांसाठीही ओळ ठेवा. दुसऱ्या टोकाला, १६८९ मध्ये सुरतेला आलेला इंग्रज पाद्री ओव्हिंग्टन तिथे सहा वर्षं साथ चालल्याचं लिहितो. खाफीखानाच्या सुरुवातीशी हे छान जुळतं.

सुरत आहे, अहमदाबाद आहे, विजापूर आहे. थाळनेर, चोपडा, एरंडोल या ओळींत नाहीत. व्यापाराच्या वाटेवर असल्यामुळे साथ इथूनही गेली असणं शक्य, पण वहीत लिहायचं ते असं: 'खानदेश: या दोन लेखकांत नाव नाही.' मग ती जागा भरायला शोध घ्या. जुन्या सूचींत खानदेश मिळाला नाही तर 'दानदेश' पाहा. १६०१ मध्ये असीरगड घेतल्यावर अकबराने शाहजादा दानियालवरून सुभ्याला हे नाव दिलं होतं. 'ब्रामपोर' म्हणजे बऱ्हाणपूर. बागलाण वेगळं शोधा. इंग्रजी अमदानीतल्या कागदांना १९०६ ची रेघ लक्षात ठेवा: त्याआधी एकच खानदेश जिल्हा, त्यानंतर पूर्व आणि पश्चिम. धुळ्यात राजवाडे संशोधन मंडळ आणि समर्थ वाग्देवता मंदिर ही दोन ठिकाणं आधी गाठा, पुण्याच्या पेशवे दप्तराला नंतर जा. तिथे विषयसूचीत 'प्लेग' शोधून सतराव्या-अठराव्या शतकातलं काही मिळणार नाही. गाव ओस पडणं, वसुलीची सूट, बाजार मोडणं अशा नोंदी चाळा. साथीचा वास असतो तो वसुलीच्या कागदांना.

तोंडी आठवणींची सरमिसळ

घरोघरी ऐकू येणारं 'पिलेगना सालमा' हे १८९६ नंतरच्या साथीचं, सतराव्या शतकाशी त्याचा संबंध नाही. त्याला वेगळी वही करा. विचारताना 'प्लेगमध्ये कोण गेलं' असं थेट सुरू करू नका, उत्तरं तुम्हाला हवी तशी मिळतात. आधी विचारा गाव कुठे राहायला गेलं होतं, झोपड्या कोणाच्या शेतात पडल्या, उंदीर आधी कुठल्या गल्लीत पडले, पेरणीला लोक परत आले होते की नव्हते. पेरणीचं उत्तर मिळालं की महिना आपोआप लागतो, आणि घरात त्या वर्षी कोण जन्मलं ते विचारलं की सालही.